अळंबीचा पहिला घास

विष चढतंय का हे बघण्यासाठी लोकांनी मला खुर्चीत बसवलं, डोक्यावर पंखा लावला, हातात सरबत दिलं, आणि मी तो माझा मान समजले. पंचवीसेक वर्षं झाली त्याला. मूर्खपणा मी त्याआधीही केला होता आणि नंतरही कधी हात आखडता घेतला नाही, पण इतक्या थाटात, वेताच्या खुर्चीला पाठ टेकून मूर्ख व्हायचा योग एकदाच आला. वर घरी येऊन मी ते कौतुकानं सांगितलं. घरी पोचायच्या आधी वाटेतल्या दोघीतिघींना सांगूनही झालं होतं.

आठवायचं कारण म्हणजे नातीनं आणलेला मश्रूमचा डबा. नात न्हावा शेव्याला बंदराच्या एका कचेरीत आहे, कुठला कंटेनर कुठं पोचला ते दिवसभर कॉम्प्युटरवर बघते. शनिवारी घरी येताना पनवेलहून काहीतरी उचलून आणतेच. या खेपेला पांढरी गुबगुबीत अळंबी आणली. वर प्लास्टिक असं ताणून बसवलेलं, की जणू आतली उडून जाणार होती.

"आजी, ते टोस्ट कर ना तुझे. फेमसवाले."

पाव आणि अळंबी, त्यात फेमस होण्यासारखं काय आहे? अळंबी धुवायची नाही, ओल्या फडक्यानं पुसायची. धुतली की ती पाणी पिऊन बसते आणि मग तव्यावर सगळं ओकते. काप जाडच करायचे, कारण आटून ती निम्म्याच्या खाली येते. हे वाक्य लक्षात ठेवा, माझा घात त्यानंच केला. लोखंडी तवा चांगला तापला की लोणी, लोण्यावर अळंबी, आणि हात मागे. सारखं ढवळणाऱ्या बाईनं ही भानगड करूच नये. पाणी सुटतं, उडून जातं, कडा तांबूस होतात, तेव्हा ठेचलेला लसूण, मिरपूड आणि सगळ्यात शेवटी मीठ. पाव मी आमच्या बेकरीतला कडक घेते, आडवा कापून तव्यावरच भाजते आणि गरम आहे तोवर त्यावर लसणीची सोललेली पाकळी घासते. वर अळंबी, वर कोथिंबीर. लिंबू ज्यानं त्यानं आपल्या मर्जीनं पिळावं.

पहिला टोस्ट नातीनं उचलला आणि माझ्या तोंडापुढे धरला. "पहिला तुला, आजी. तू केलास ना."

पोरीनं प्रेमानंच केलं ते. पण मी तोंड बाजूला केलं.

"काय गं? गरम आहे?"

"गरम नाही."

"मग?"

मग काय. ओट्याला टेकून तिला सगळं सांगत बसले. तिनं टोस्ट खाल्ले, मी सांगितलं. पुष्कळ दिवस आतल्या आत राहिलेलं होतं, त्यामुळे थोडं आंबलेलंच बाहेर आलं.

मी पेणची. दहावी पास होऊन या घरात आले आणि ते पास होणं कुंकवाच्या वर कपाळाला लावून फिरायची. सासू अंगठा उठवणारी, जन्म मिठागरात आणि भाताच्या चिखलात गेलेला. तिला मी मनातल्या मनात अडाणी म्हणायची. तोंडावर म्हणायची छाती नव्हती, कारण ती फार बोलायची नाही आणि न बोलणाऱ्या माणसाला काय काय कळतं याचा अंदाज येत नाही.

तिची एक इस्टेट होती. जमीन दिरांच्यात वाटली गेली होती, मिठागर बंद पडलं होतं, दागिना म्हणावा तर मंगळसूत्रातले मणी. पण आमच्या मागच्या डोंगरात अळंबीची मोठी जागा तिला एकटीला ठाऊक होती. ज्यांनी फक्त डब्यातली अळंबी पाहिली त्यांच्यासाठी सांगते. रानातली खरी अळंबी वारुळाच्या अंगाला येते, आषाढात, चार-दोन दिवस, आणि ज्या जागी येते त्याच जागी वर्षानुवर्षं येते. म्हणून जागेला किंमत. सासू उजाडायच्या आत जायची, जायची एका वाटेनं आणि यायची दुसऱ्याच. डोक्यावर पाटी, पाटीवर सागाची पानं. कुणी विचारलंच तर म्हणायची, "गवताला गेलतं."

ही जागा तिला तिच्या सासूनं सांगितली होती. त्याला रीत होती. जागा लेकीला सांगायची नाही, कारण लेक ती घेऊन दुसऱ्याच्या घरात जाते. मुलाला सांगायची नाही, कारण पुरुषाच्या पोटात दोन घोट गेले की जे आत असतं ते बाहेर येतं. सांगायची सुनेला. तीही लग्न होऊन आली आणि सांगितली असं नाही. सुनेनं आधी बांधावरच्या लहान जागेची अळंबी आणायची, चुलीवर सासूच्या समोर करायची, आणि पहिला घास स्वतः खायचा. जिनं खुडली तिचा पहिला घास. दुसरा सासूचा. मग तोंडात अळंबी असतानाच सासू मोठी जागा सांगते. अशी आमची रीत.

लहान जागा तिनं मला लग्नानंतर दोन पावसाळ्यांत दाखवली. मोठी मात्र दाखवेना. मी वर्षानुवर्षं वाट पाहिली. पोरं झाली, शाळेत गेली, मी चाळिशीला आले. दर आषाढात वाटायचं या वर्षी सांगेल. अळंबीचं मला एवढं अप्रूप नव्हतं. मला ती जागा हवी होती. जागा सांगितली म्हणजे मी या घरातली झाले, अशी माझी समजूत, आणि ती समजूत तरी चुकीची नव्हती.

त्याच काळात रेवसच्या रस्त्याला मुंबईकरांचे बंगले उठायला लागले. आमच्या घरापासून चालत जाण्यासारखा एक होता. शनिवार-रविवारी माणसं यायची आणि मी तिथं स्वयंपाकाला जायची. बंगल्याच्या बाई माझ्याहून लहान, पण मला अगं-तुगं करायच्या, नुसत्या नावानं हाक मारायच्या. मला वाटायचं, केवढी जवळीक. गावातली माझ्या वयाची बाई मला नावानं हाक मारती तर मी तिला वहिनी म्हणायला शिकवलं असतं.

पहिल्याच आठवड्यात त्या म्हणाल्या, "पाहुणे यायच्या आत स्टार्टर करून ठेव हं." मी विहिरीवर गेले आणि मोटरचा स्टार्टर चालू करून आले. टाकी भरून वाहायला लागली, बागेत तळं झालं. बाईंना हसू आवरेना, आणि त्यांना हसवलं म्हणून मी खूश. मग त्यांनी शिकवलं, स्टार्टर म्हणजे जेवणाआधी तोंडात टाकायचं. हे अळंबीचे टोस्ट त्यांनीच शिकवले. त्यांची मश्रूम मुंबईहून गाडीतून यायची. पुसायची, जाड कापायची, मीठ शेवटी, हे सगळं त्यांचं. लसूण पावाला घासायची मात्र माझी अक्कल. त्या म्हणाल्या, "वा, तू तर शेफ आहेस." हा शब्द मी घरी नेऊन किती दिवस वापरला ते विचारू नका.

त्या वर्षी सासूची तब्येत उतरली. दम लागायचा, डोंगर चढणं बंदच झालं. तोंडाला चव नाही म्हणून पेजेशिवाय काही खाईना. आषाढ निम्म्याहून जास्त सरला आणि एका रात्री तिनं मला जवळ बोलावलं.

"लहान जागेवर आली आसंल आता," ती म्हणाली. "जाऊन बघ. आन. चुलीवर कर, मिरची घाल जराशी. मना खावीशी वाटते. पोटात गेली की तुला वरची जागा सांगते. आता माज्याच्यानं व्हायाचं न्हाय."

आणखी एक गोष्ट होती. आमच्या घरात अळंबी वशाटात धरतात, मटण-मासळीच्या पंगतीतली. का, ते मला ठाऊक नाही. एकदा गटारी झाली आणि श्रावण लागला की ती घरात शिजत नाही. आणि श्रावण संपतो तोवर अळंबीही संपते. म्हणजे गटारीच्या आत तिनं खाल्ली तर खाल्ली, नाहीतर पुढचा आषाढ. आणि तिचा पुढचा आषाढ कुणाला ठाऊक.

गटारीआधीच्या शनिवारी मी पहाटे बांधावर गेले. अळंबी आली होती, छत्र्या अजून न उघडलेल्या, टोपी खाली ओढून बसलेल्या म्हाताऱ्यांसारख्या. पाटी भरली. घरी आणून मडक्याआड ठेवली आणि सासूला म्हणाले, "आय, मिळाली. बंगल्यावरून आले की करते."

"नवाची कर," ती म्हणाली. म्हणजे आत्ता, ताजी असताना. "अळंबी वाट बघीत न्हाय."

"येतेच की तासाभरात," म्हणून मी निघाले.

बंगल्यावर बाई कपाळाला हात लावून उभ्या. मुंबईहून आणलेली मश्रूम रात्रभर बंद गाडीतच राहिली होती, डबा उघडला तर काळी, चिकट. आठ-दहा पाहुणे यायचे, पाव आणलेला, लोणी आणलेलं, आणि टोस्टवर घालायला काही नाही.

"आता काय करू गं मी," त्या मलाच म्हणाल्या. शहरातली बाई माझा सल्ला विचारतेय. माझी छाती एवढी फुगली की आत अकलेला जागा उरली नाही.

"आहेत की, बाई. आमच्याकडे. आजच काढलेली."

घरी धावत गेले. सासूला डुलकी लागली होती. मी ठरवलं, निम्मी नेते. म्हातारीला एकटीला किती लागणार? निम्मी काढली, मग तव्यावर काय होतं ते आठवलं, आटते. आठ-दहा पाहुण्यांना निम्मी कशी पुरणार? आणखी थोडी काढली. मग आणखी. शेवटी पाटीत देठांचे तुकडे आणि दोन फुटक्या छत्र्या राहिल्या. त्यावर पानं झाकली आणि स्वतःला समजावलं, आजारी माणसाला देठच बरे, पचायला हलके. देठ पचायला हलके असतात हे मी तेव्हा, तिथं, मडक्यापाशी बसून शोधून काढलं. दहावी पास ना मी.

टोस्ट मात्र झकास झाले, ते नाकारत नाही. डब्यातल्या अळंबीला जो वास सात जन्मांत येणार नाही तो घरभर पसरला. थाळी घेऊन मी बाहेर व्हरांड्यात गेले. पाहुणे हसतखेळत बसलेले. बाई कौतुकानं म्हणाल्या, "ही आमच्या इथल्या जंगलातली आहेत, वाइल्ड."

एका पाहुण्यानं उचललेला टोस्ट परत थाळीत ठेवला. दुसरी एक बाई हळूच म्हणाली, "जंगल का है? सेफ है ना?" बंगल्याच्या बाई माझ्याकडे बघायला लागल्या. "खात्री आहे ना गं तुझी?"

"बाई, आमच्या सासूच्या जागेवरची आहे."

हे ऐकून त्यांना काय धीर येणार? त्यांना आमची सासू माहीत नव्हती आणि जागाही. तेवढ्यात तो टोस्ट ठेवणारा पाहुणा हसत म्हणाला, "पहले इसको खिलाओ ना. बनाया इसने, तो पहला हक इसका."

बाईंनी थाळीतला एक टोस्ट उचलला आणि माझ्या हातात दिला. "हो हो, पहिला तू घे."

आता माझं डोकं कसं चाललं ते सांगते. मला वाटलं, बघा, मोठी माणसं. यांनाही आपली रीत ठाऊक आहे. जिनं आणली तिचा पहिला घास. मुंबईला राहून, इंग्रजी बोलूनसुद्धा. माझे डोळे भरून आले होते हो. मी लाजत पदर सावरला आणि सगळ्यांच्या समोर तो टोस्ट खाल्ला. सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. मी घास गिळला तेव्हा गळ्याकडे बघत होते.

"मस्त," मी म्हणाले. "घ्या ना."

"घेऊ, घेऊ. तू बस जरा," बाई म्हणाल्या. "इतकी धावपळ केलीस."

आणि मला वेताची खुर्ची दिली. त्या बंगल्यात मी तोवर जमिनीवर नाहीतर स्वयंपाकघरातल्या पाटावरच बसले होते. खुर्ची आली, पंखा माझ्याकडे फिरवला, कोकमाचं सरबत आलं, जे सकाळी मीच केलं होतं. बाई दर थोड्या वेळानं येऊन विचारायच्या, "बरं वाटतंय ना? पोटात काही नाही ना?" माझ्या सख्ख्या आईनं बाळंतपणात एवढी चौकशी केली नव्हती. पाहुण्यातली एक मधूनच मान वळवून माझ्याकडे बघायची, मी तिला हसून दाखवायची. एकदा मला शिंक आली तर तिघंजण उठून उभे राहिले. मला वाटलं, काय ही माणुसकी.

इथवर ऐकल्यावर नातीचा घास हातातच राहिला.

"आजी, तुला कळलंच नाही?"

"नाही."

"अजिबात नाही?"

"अगं, सरबत पीत बसले होते मी. आणखी एक ग्लास मागितला."

ती हसली नाही. मी ती हसावी म्हणूनच सांगितलं होतं. घास खाली ठेवून ती म्हणाली, "पण एक सांगू? तुमची रीतसुद्धा मुळात तीच असेल. जिनं आणली तिनं आधी खायची. विषारी निघाली तर तिची ती भोगेल. तुम्ही त्याला मान म्हणत होता इतकंच."

पोरगी कंटेनर शोधते, नेमकी जागा सापडते तिला. मला हे इतक्या वर्षांत सुचलं नव्हतं. तिलाही सुचलं नसतं तर बरं झालं असतं. रात्री अंथरुणावर पडून मी त्याचाच विचार करत राहिले. असेलही. कुठल्यातरी खापरपणजीनं सुनेला पुढे घालून आधी तिला खायला लावलं असेल आणि वर रीत म्हणून शिक्का मारला असेल. पण सकाळी नातीला मी म्हणाले, एवढा फरक धर. आमच्याकडे पहिला घास सुनेच्या तोंडात जायचा, आणि ती तो गिळायच्या आत दुसरा घास सासू आपल्या तोंडात घालायची. त्याच ताटातला. थांबून बघत कुणी नव्हतं बसत.

बंगल्यावर दुसरा घास कुणी घेतलाच नाही. तासभर होऊन गेला असेल, जास्तच. तोवर त्यांनी वेफर्स फोडले, कबाब तळायला मलाच आत बोलावलं. खुर्ची व्हरांड्यातच राहिली. निघताना बाईंनी ते सगळे टोस्ट चांदीसारख्या चकचकीत कागदात गुंडाळले आणि माझ्या हातात ठेवले. "घरच्यांना घेऊन जा. तुम्हाला सवय असते ना याची."

मी म्हणाले, "बाई, तुमच्यासाठी ठेवा की थोडे."

"नको नको. तुम्हीच खा सगळे."

केवढं मोठं मन. तेच घेऊन मी घराकडे निघाले, आणि वाटेत भेटलेल्या बायकांना उभं करून सांगत गेले, मला खुर्ची दिली, पंखा दिला, पहिला घास मला दिला.

मोठ्या जागेचं पुढे काय झालं ते आधीच सांगून टाकते, म्हणजे मग सासूचं बोलणं शेवटी ठेवता येईल. ती त्यानंतर तीन आषाढ जगली. माझ्याशी वाईट वागली नाही. माझ्या हातची पेज खायची, तिचे पाय चेपले तर चेपू द्यायची, पोरांना माझ्याबद्दल चांगलंच सांगायची. अळंबीचं नाव मात्र काढलं नाही. मी काढलं तर कूस बदलायची. एका आषाढात मी स्वतः तिच्यासाठी लहान जागेची केली, पहिला घास खाऊन दाखवला, दुसरा तिच्यापुढे धरला. तिनं खाल्ला, चावून चावून खाल्ला, आणि पाणी मागितलं. जागेचा शब्द नाही. ती गेल्यावर मी डोंगरात एकटी हिंडले, नवऱ्याला न सांगता. वारुळं पुष्कळ दिसली. त्यांच्या अंगाला आल्या होत्या त्या नुसत्या कुत्र्याच्या छत्र्या. लहान जागेवर पुढं बंगल्याचं कुंपण आलं, दुसऱ्याच कुणाच्या. मी त्या बाईंकडचं काम सोडलं नाही, हेही सांगायला हवं. आणखी बरीच वर्षं गेले. टोस्ट केले. डब्यातल्या मश्रूमचे. ते त्यांनी चाटूनपुसून खाल्ले, आणि मला आधी खायला कुणी सांगितलं नाही.

आता ती संध्याकाळ. सासू उठून बसली होती, भिंतीला टेकून. चूल तिनंच पेटवून ठेवली होती, दम लागत असताना. बाजूला दोन मिरच्या आणि मिठाचा सट. पाटी तिच्या मांडीजवळ होती, पानं बाजूला केलेली. म्हणजे देठ तिनं पाहिले होते.

मी काही ऐकायच्या मनःस्थितीतच नव्हते. चकचकीत कागद उघडून तिच्यापुढे ठेवला आणि सुरू केलं, खुर्ची, पंखा, सरबत, पहिला घास. पाव तोवर ओला होऊन लिबलिबीत झाला होता, त्यावरची अळंबी काळवंडली होती.

तिनं सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, "पयला घास तुला दिला?"

"हो ना, आय. सगळ्यांच्या देखत. त्यांच्यातपण तशीच रीत असेल."

"दुसरा कोनी खाल्ला?"

"दुसरा..." मी म्हणाले. "नंतर खाणार होते ते."

"मंग तुला खुर्चीत बसवली."

"हो."

"कवापरेंत?"

पुढं सांगायची वाक्यं मी तोंडात तयार करत होते आणि एकेक करून ती माझ्याच तोंडात मोडत होती. पोटात काही नाही ना, बरं वाटतंय ना, शिंकेला तिघं उभे राहिले. सगळं उलट्या बाजूनं परत यायला लागलं. मला वाटलं आता ती शिव्या देईल, बंगल्यातल्यांना तरी, नाहीतर मला.

तिनं एका पावावरची अळंबी बोटानं सोडवली, एवढासा तुकडा. तोंडात घातला. माझ्याकडे न बघता हळूहळू चावला, गिळला. उरलेला पाव तिनं दाराबाहेर कोंबड्यांना टाकला आणि चुलीतलं लाकूड मागं ओढून राखेत विझवलं.

मी म्हणाले, "आय, देठ आहेत ना, आता करते. मिरची घालून. मग तुम्ही ती जागा..."

तिनं हात वर करून मला थांबवलं, आणि पदरानं तोंड पुसून म्हणाली:

"तुजा पयला घास तू तिथं खाल्लास. माजी जागा माज्यासंगं जाईल. तू आपली इकतची खा."